झांजेच्या आधीचं हसू

१

तुळशीबाई हसायला लागली की रेवदंड्याच्या कोळीवाड्यातली झोपलेली कुत्री उठून उभी राहायची. ते हसू आधी पोटात गुडगुडायचं, मग छातीशी येऊन अडकायचं, आणि आता बाईचा श्वास कोंडतो की काय असं वाटेपर्यंत एकदम फुटायचं. सुचिता श्रीवर्धनहून लग्न होऊन आली, तेव्हा पहिल्याच सकाळी तिच्या हातून कालवणाचं भांडं पालथं पडलं होतं. नवी सूनबाई भिंतीला टेकून उभी, आणि सासू चुलीपाशी बसून अशी हसली, अशी हसली, की शेवटी सुचिताच पदर तोंडाला लावून तिच्या शेजारी खाली बसली. ते घर तिला तेव्हाच आपलं वाटलं.

त्या पावसाळ्यात होड्या वर ओढून ठेवल्या होत्या आणि माणसं रिकामी होती. विनेशचा, म्हणजे सुचिताच्या नवऱ्याचा, निकेश नावाचा मित्र होता. अलिबागेत त्याचा फोटो स्टुडिओ. त्यानं कुठल्याशा जुन्या बाजारातून एक प्रोजेक्टर आणि रिळांचा खोका आणला. शंभर वर्षांपूर्वीची विलायती कार्टून होती ती, सगळी मुकी. सगळ्यांत नायक एकच, एक लंबूटांग बोकड, आणि प्रत्येक रिळात कुठल्या तरी थोर ग्रंथाची टिंगल. एकात तो शोकनाटकातला राजपुत्र होऊन कबरीपाशी मोठमोठ्या गोष्टी बोलतो आणि एक उंदीर त्याचा पाव पळवतो. दुसऱ्यात तो महाकाव्यातला राजा होऊन समुद्रात वर्षानुवर्षं भरकटतो, कारण त्यानं नकाशा खाल्लेला असतो.

"चित्र हाय, पण आवाज न्हाय," निकेश म्हणाला. "वहिनी, तुम्ही पेटी वाजवाल का?"

सुचिता शाळेत गाणं शिकवायची. तिला गंमत वाटली. स्टँडजवळचं मच्छीमार सोसायटीचं जुनं बर्फाचं गोदाम निकेशनं मागून घेतलं, मधोमध पांढरं कापड ताणलं, खिडक्यांना ताडपत्री लावली. दर रविवारी दुपारी खेळ. सुचिता पडद्याच्या कडेला बसायची, एका डोळ्यानं चित्र आणि दुसऱ्या डोळ्यानं माणसं पाहत. बोकड पडायच्या बेतात आला की ती सूर एकेक पायरी वर चढवत न्यायची, शेवटच्या सुरावर जरा थांबायची, आणि तो पडला रे पडला की पायाला बांधलेली झांज खालच्या झांजेवर आपटायची. झण्ण. आणि गोदाम हसायचं, सगळ्यांच्या वर तुळशीबाई.

दुसऱ्या की तिसऱ्या खेळाला सुचिताच्या कानाला काहीतरी खटकलं. झांज वाजायच्या आधीच कुणीतरी हसलं होतं. अगदी किंचित आधी.

पत्र्याचं छप्पर, आवाज घुमत असेल, असं तिनं मनाशी म्हटलं. घरी जाताना रिक्षात बसल्यावर तिच्या लक्षात आलं, की घुमलेला आवाज नंतर येतो.

२

पुढच्या रविवारी तिनं कान तिकडेच ठेवले. राजपुत्राचं रीळ लागलं होतं. बोकड कबरीच्या कडेला उभा राहून छाती बडवत होता, मागून उंदीर येत होता. सुचितानं सूर चढवले, शेवटच्या सुरावर थांबली.

हसू आलं. मग बोकड पडला, मग झांज, मग बाकीचे.

ते हसू समोरून आलं नव्हतं. कापडाच्या मागून आलं होतं. आणि ते तिच्या ओळखीचं होतं. शिट्टी वाजल्यासारखा श्वास, त्याला लगेच जोडलेली खोकल्याची उबळ, पुन्हा शिट्टी. शेजारचा म्हातारा सदा असा हसायचा. पण सदा तर समोर पहिल्या रांगेत बसला होता. त्याचं तोंड उघडं होतं, खांदे हसणाऱ्या माणसासारखे हलत होते, आणि आवाज मुळीच येत नव्हता. थोड्या वेळानं त्यानं तोंड मिटलं. काहीतरी गिळायचं राहून गेलं असावं तसा तो बसून राहिला.

रीळ बदलेपर्यंत सुचिता कापडाची कड बाजूला सारून मागे गेली. गोदामाचा मागचा अर्धा भाग. मिठाची जुनी पोती, मोडके क्रेट, पलीकडे बाहेरून कडी घातलेलं दार. बर्फ जाऊन वर्षं झाली होती, तरी फरशी तळव्यांना गार लागत होती. पोत्यांच्या थप्पीसमोर एक खुर्ची होती, कापडाकडे तोंड करून ठेवलेली.

"ही खुर्ची इथं तू ठेवलीस?" तिनं निकेशला विचारलं.

"मी कशाला ठेवू? मागून सगळं उलटं दिसतं."

तिनं खुर्ची उचलून पुढे आणली. लाकडी खुर्ची होती, गोदामातल्या प्रत्येक वस्तूसारखी गार असायला हवी होती. तिची बैठक मात्र उबदार होती.

खेळ संपल्यावर सदाची बायको आवडाबाई दारात भेटली. "आमच्या म्हाताऱ्याला आज काय झालंय काय म्हायती. सारखा मना इचारतो, मी हसलो का गो, मी हसलो का."

३

त्या आठवड्यात सदा हसला नाही. आवडाबाईनं नातवंडं आणून बसवली, विनेशनं त्याला आपल्या जुन्या फजितीच्या गोष्टी सांगितल्या. सदा ऐकायचा, मान हलवायचा, तोंडही उघडायचा. आतून नुसता वारा यायचा.

"वय झालं त्याचं," विनेश म्हणाला.

"हसायला वय लागतं का?" सुचितानं विचारलं, पण आपण जे ऐकलं ते नवऱ्याला सांगताना तिची जीभ वळेना. काय सांगणार? पडद्यामागं सदा हसला आणि समोरचा सदा गप्प होता? तिलाच ते खोटं वाटत होतं. दमट हवेत पत्रा वाजतो, माणसं एकमेकांसारखी खोकतात, खुर्चीवर कुणी मघाशीच बसून गेलं असेल. एकेक कारण घेतलं तर पटत होतं. सगळी एकत्र मांडली की पटत नव्हती.

रविवारी ती सासूला म्हणाली, "आय, आज तू घरी राहा ना."

"का गो? माजं काय दुखतंय?"

"पाऊस आहे."

तुळशीबाईनं सुनेकडे पाहिलं आणि डोक्यावर प्लास्टिकची खोळ घेतली. "पावसाला घाबरून कोळीण घरात बसली तर लोक काय म्हनतील?" आणि ती हसली. ते हसू पायरीवरून रस्त्यापर्यंत गेलं.

गोदामात ती मधल्या रांगेत बसली. निकेशनं समुद्रातल्या राजाचं रीळ लावलं. राजाची होडी वादळात सापडते, बोकड डोलकाठीला मिठी मारून बसतो, आणि डोलकाठी म्हणजे झोपलेल्या जिराफाची मान निघते. कोळीवाड्याला हे रीळ फार आवडायचं. सुचिता सूर चढवायला लागली आणि तिच्या बोटांना घाम फुटला. थांबावं असं वाटत होतं, पण बोटं सवयीनं पुढे गेली. शेवटचा सूर.

कापडामागं काहीतरी पोटात गुडगुडलं. मग छातीशी येऊन अडकलं. आणि श्वास कोंडतो की काय असं वाटेपर्यंत थांबून, फुटलं.

जिराफानं डोळे उघडले. सुचिताचा पाय झांजेवर पडला. गोदाम हसलं, पण अर्ध्यातच अडखळलं, कारण तुळशीबाई तिच्या जागेवर उभी होती. तोंड उघडं, गळ्याच्या शिरा ताणलेल्या, हात पोटावर. सगळं हसण्याचं होतं. आवाज तेवढा नव्हता.

रिक्षातून उतरल्यावर तुळशीबाईनं घराच्या पायरीवर बसून पायाचा चिखल धुतला आणि मग हळूच म्हणाली, "सुचिता, माजं हसू त्या कपड्याच्या मागं हाय. मी ऐकलं. आपलं हसू आपल्याला वळखू येतं."

४

घर शांत झालं. सुचिताला आधी कधी ऐकू आलं नव्हतं ते ऐकू यायला लागलं: फ्रिजची घरघर, पत्र्यावरून ठिबकणारं पाणी, जेवताना विनेशचं चावणं. तुळशीबाई काम करायची, बोलायची, सुकट निवडायची. एकदा विनेश ओल्या फरशीवरून घसरून थेट तांदळाच्या डब्यावर जाऊन बसला. दोघंही सवयीनं तिच्याकडे वळली. तिनं तोंड उघडलं, थांबली, आणि मिटून घेतलं. मग पाठ फिरवून निवडायला लागली. तिचे डोळे भरून आले होते.

त्या संध्याकाळी सुचितानं विनेशला सगळं सांगितलं. तो हसला नाही. "निकेशला घेऊन जा," तो म्हणाला. "उजेडी जा. मी दारात उभा राहतो."

दुसऱ्या दिवशी भर दुपारी त्यांनी गोदाम उघडलं. निकेशनं मागची पोती हलवून पाहिली, क्रेट उलटे केले, दाराची कडी तपासली. काही नव्हतं.

"वहिनी, एकदा रीळ लावून बघू," तो म्हणाला. रिकाम्या खुर्च्यांसमोर त्यानं बोकड चालवला. सुचिता पेटीवर बसली. डोलकाठी आली, तिनं सूर चढवायला घेतले, आणि तेवढ्यात प्रोजेक्टरचा दिवा उडाला. कापड काळं झालं. यंत्र नुसतंच खडखडत राहिलं. अंधारात कुठं बोकड नाही, जिराफ नाही, काही नाही. पण तिची बोटं चढतच होती. शेवटच्या सुरावर ती थांबली.

काळ्या कापडामागून तुळशीबाई हसली.

निकेशनं यंत्र बंद केलं. खिडकीवरची ताडपत्री ओढून काढली. उजेड आला. कापड पांढरं, स्थिर. दारातून विनेश आत धावला आणि अर्ध्या वाटेत थांबला. आईचा आवाज त्यानंही ऐकला होता.

"बास झालं," निकेश म्हणाला. "रिळं समुद्रात टाकतो. गोदामाची चावी परत देतो."

सुचिता पेटीपाशी तशीच बसली होती. भीती होतीच. पण त्या भीतीच्या शेजारी दुसरंच काहीतरी जागं झालं होतं. वर्गात मागच्या बाकावरचं पोर कॉपी करताना सापडलं की जे व्हायचं, ते.

"त्यानं चित्र पाहिलंच नाही," ती म्हणाली.

"काय?"

"चित्र नव्हतं निकेश, तरी हसलं. त्याला गंमत कळतच नाही. ते माझ्या पेटीवर हसतं. मी सूर चढवले की त्याला वाटतं, आता हसायचं. म्हणून सगळ्यांच्या आधी हसतं, आणि ज्याचं हसू यायचं असतं त्याचं उचलतं." तिनं कापडाकडे पाहिलं. आवाज आपोआप खाली आला. "खेळ बंद केला तर आयचं हसू तिथंच राहील. मला रविवार पाहिजे. आणि गोदाम भरलेलं पाहिजे. चोर चारचौघांसमोर पकडायचाय."

५

गोदाम भरायचं काम तुळशीबाईनं केलं. खेळात आता मजा नाही, असं वाड्यात बोलणं झालंच होतं. ती घरोघरी गेली, ओट्यावर उभी राहिली आणि एवढंच बोलली, "मना माजं हसू पायजे. तुम्ही बसायला या." कुणी नाही म्हटलं नाही. ज्या बाईच्या हसण्यावर वाडा सकाळी उठायचा, तिचा पडलेला आवाज ऐकून माणसं ओशाळली.

रविवारी उभं राहायला जागा नव्हती. भिंतींवरून माणसांच्या अंगची वाफ ओघळत होती. सदा आणि आवडाबाई पुढे, तुळशीबाई मधोमध. सुचितानं बसायची जागा थोडी सरकवली, कापडाची कड आणि भिंत यांच्यामधली फट डोळ्यांसमोर येईल अशी. निकेशनं दिवा लावला. राजाच्या रिळाचा शेवटचा भाग. राजा घरी पोचतो.

बोकड किनाऱ्यावर उतरला आणि लाट त्याची विजार घेऊन गेली. सुचितानं सूर चढवले, रोजच्यासारखे. मागून आवडाबाई हसली, किनऱ्या, तुटक्या आवाजात. समोरच्या आवडाबाईनं दोन्ही हातांनी नवऱ्याचं मनगट धरलं. लोकांत कुजबुज झाली. लहान पोरं आयांना चिकटली.

"वाजव तू," तुळशीबाई अंधारातून म्हणाली.

बोकड शिंप्याच्या दुकानात विजार मागायला गेला आणि पोत्यात शिरून बाहेर आला. पुन्हा सूर चढले, आणि या वेळी सुचिताला स्वतःलाच हसू आलं. पोत्यातला तो बोकड होताच तसा. हसू तिच्या गळ्यापर्यंत आलं, आणि कुणीतरी हातातून घागर काढून घ्यावी तसं गेलं. कापडामागून तिचाच आवाज आला, नाकातून सुरू होणारा, माहेरच्या आईसारखा. ओठ हलले, पण त्यांत काही उरलं नव्हतं. म्हणजे एवढंच असतं हे, एवढीशी जागा रिकामी होते, आणि माणूस मावळून जातो.

तिची बोटं पेटीवरच होती.

पडद्यावर बोकड राजवाड्यापाशी आला. दारात त्याची बायको लोकर विणत बसली होती. जिन्याच्या सगळ्यांत वरच्या पायरीवर लोकरीचा गुंडा पडला होता, आणि तो त्याच गुंड्यावरून घसरणार हे गोदामातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. पण त्याला अजून अवकाश होता. आधी नुसती पाटी येते. जुन्या काव्यातल्यासारख्या चार ओळी, काळ्यावर पांढरी इंग्रजी अक्षरं, बाकी काही नाही. त्या पाटीवर आजवर कुणी हसलं नव्हतं.

पाटी आली. सुचितानं सूर चढवायला सुरुवात केली.

तिनं घाई केली नाही. एकेक पायरी, आधी कधी चढवली नव्हती इतकी गोड करून चढवली. भाता भरून घेतला. पडद्यावर अक्षरं नुसती उभी होती. शेवटचा सूर लागला. तिनं झांजेचा पाय वर उचलला, आणि तसाच वर धरून ठेवला.

मागचं हसू फुटलं. सदाची शिट्टी, आवडाबाईचं किनरं, तुटकं हसू, तुळशीबाईची गुडगुड, सुचिताचं नाकातलं, सगळं एकदम. एवढं मोठं, की कापड पुढे फुगलं. हसत राहिलं. हसत राहिलं, कारण झांजेची वाट पाहत होतं, आणि झांज येत नव्हती. समोर अख्खं गोदाम गप्प बसलं होतं.

हसू अडखळलं. एक आवाज गळला, मग दुसरा. शेवटी एकट्या शिट्टीचा तुकडा उरला, आणि तोही मध्येच गिळला गेला.

सुचितानं फटीतून पाहिलं.

पोत्यांवर कुणीतरी बसलं होतं. माणूस बसतो तसंच, गुडघे जुळवून. दोन्ही हात तोंडावर घट्ट दाबलेले, चारचौघांत भलत्याच वेळी हसलेला माणूस दाबतो तसे. हातांच्या वर जिथं चेहरा असायचा, तिथं कापडातून झिरपलेली ती अक्षरं होती, उलटी, हलकीशी थरथरणारी. त्यांच्या खाली नाक नव्हतं, डोळे नव्हते. त्यानं मान वळवली. अक्षरंही वळली.

तिनं नजर काढून घेतली. पाय अजून वर होता. पोटरी थरथरत होती.

मग अंधारातून तुळशीबाईचा आवाज आला, अगदी साधा, ओट्यावर बसून शेजारणीला विचारावा तसा.

"कोन गो बाय हसला यो? अजून कोन पडलाच न्हाय."

मग पहिल्या रांगेत शिट्टी वाजली. सदाची. खोकला आला, पुन्हा शिट्टी. आवडाबाई त्याच्याकडे वळली, तिच्या तोंडून एक बारीक किंकाळीसारखा सूर निघाला आणि ती नवऱ्याच्या खांद्यावर कोसळली. मागच्या भिंतीपाशी कुणीतरी फुसकन फुटलं. ते पसरलं, रांगेतून रांगेत, पोरांत, बाप्यांत, दारात उभ्या विनेशपर्यंत. सगळे त्या एका भलत्या वेळी हसलेल्यालाच हसत होते. सुचिताच्या नाकातून हसू आलं आणि तिला पेटीवर डोकं टेकावं लागलं.

आणि मग मधोमध काहीतरी गुडगुडलं.

गोदाम आपोआप थांबलं. सगळ्यांनी माना वळवल्या. गुडगुड छातीशी आली, अडकली. तुळशीबाईनं पुढच्या खुर्चीची पाठ धरली. बाईचा श्वास कोंडतो की काय, असं सगळ्यांना वाटलं, आणि फुटलं. छपराचे पत्रे वाजले. बाहेर कुत्री भुंकायला लागली. नेमक्या त्याच वेळी पडद्यावर बोकडानं हातात फूल घेऊन लोकरीच्या गुंड्यावर पाय ठेवला, सगळ्या पायऱ्यांवरून गडगडत खाली आला आणि समुद्रात जाऊन पडला. सुचितानं सगळा जीव एकवटून पाय खाली आणला.

झण्ण.

त्यानंतरचं कुणाला धड सांगता येत नाही. माणसं एकमेकांच्या अंगावर पडत होती. निकेश यंत्राला मिठी मारून रडत होता की हसत होता, त्यालाच माहीत. विनेश गर्दीतून वाट काढत आईपर्यंत पोचला आणि तिच्या पायाशी बसूनच राहिला. रीळ संपलं, सुटं टोक फटफटत राहिलं, कापडावर नुसता पांढरा उजेड. हळूहळू एकेकानं डोळे पुसले. गोदाम निवलं.

आणि सगळ्यांचं हसून झाल्यावर, कापडामागून एक हसू आलं.

उशिरा आलं, विचारून आल्यासारखं. खरखरीत, तोकडं, कधी वापरात नसलेलं. त्यात शिट्टी नव्हती, गुडगुड नव्हती. वाड्यातल्या कुणाचंच नव्हतं ते. एकदा येऊन थांबलं, आपण चुकलो तर नाही ना, असं जणू ऐकत राहिलं.

सुचिताचा हात भात्यावर थिजला. फटीकडे बघायचा धीर तिला झाला नाही.

तुळशीबाईनं मात्र मान तिरकी करून ते नीट ऐकून घेतलं, बाजारात खोटा रुपया दगडावर वाजवून बघतात तसं. मग पदर खोचला.

"ह्ये त्याचं सोताचं हाय," ती म्हणाली. "हसू दे त्याला."

ती दाराकडे निघाली, तिच्यामागून सगळा वाडा. बाहेर उघडीप झाली होती. स्टँडवरच्या रिक्षावाल्यांनी लांबूनच माना वळवल्या, कारण तुळशीबाई भर रस्त्यानं, सुनेच्या खांद्यावर हात टाकून, पुन्हा पहिल्यापासून हसायला लागली होती.